गुलबर्ग्याची जामा मशीद : अंगण नसलेल्या इमारतीविषयी काही प्रश्न

भीमातीर

गाणगापूरला जाणारे आपल्याकडचे लोक सोलापूरहून गाडीत बसतात आणि गाणगापूर रोड स्थानकावर उतरतात. तीच गाडी पुढे गुलबर्ग्याला जाते, हे ठाऊक असूनही इतक्या वर्षांच्या वाऱ्यांत मी एकदाही पुढे गेलो नव्हतो. (२०१४पासून शहराचे अधिकृत नाव कलबुर्गी आहे, पण जुनी सवय सुटत नाही म्हणून येथे गुलबर्गाच लिहितो.) या वेळी परतीची गाडी रात्रीची होती, दिवस मोकळा होता, म्हणून किल्ल्यातील जामा मशीद पाहून आलो आणि येताना उत्तरांपेक्षा प्रश्नच अधिक घेऊन आलो. ते येथे मांडतो.

थोडी पार्श्वभूमी सांगणे आवश्यक आहे. १३४७मध्ये दौलताबादेत अलाउद्दीन हसन बहमनशाह गादीवर बसला आणि दख्खन दिल्लीच्या तुघलकांपासून वेगळे झाले. राजधानी लवकरच गुलबर्ग्याला गेली आणि शहराला अहसनाबाद हे नाव मिळाले. त्याचा मुलगा पहिला मुहम्मदशाह याने १३५८ ते १३७५ या काळात राज्याची घडी बसवली. दौलताबाद, वऱ्हाड, बीदर आणि गुलबर्गा असे चार तरफ, म्हणजे प्रांत, त्याच्या राज्यात होते. मशिदीचा शिलालेख याच कारकिर्दीतला आहे. त्यात हिजरी ७६९, म्हणजे इसवी सन १३६७, हे वर्ष असून बांधणाऱ्याचे नाव रफी बिन शम्स बिन मन्सूर अल-कझवीनी असे आहे. कझवीन हे इराणमधले शहर. दख्खनच्या मध्ययुगीन वास्तूंपैकी फारच थोड्यांच्या रचनाकाराचे नाव आपल्याला असे घराण्यासकट माहीत आहे.

इमारत पूर्व-पश्चिम २१६ फूट आणि उत्तर-दक्षिण १७६ फूट आहे, म्हणजे क्षेत्रफळ अडतीस हजार चौरस फुटांच्या वर जाते. आश्चर्य असे की ही सगळी जागा छताखाली आहे. मशीद म्हटली की मधोमध उघडे अंगण, म्हणजे सहन, त्याच्या तीन बाजूंना ओवऱ्या आणि पश्चिमेला नमाजाचे दालन हे चित्र आपल्या डोळ्यांसमोर असते. येथे अंगणच नाही. अंगणाच्या जागी खांबांच्या रांगा आहेत, त्यांवर कमानी आणि चार खांबांमधल्या प्रत्येक चौकावर एक लहान घुमट. असे साठाहून अधिक लहान घुमट, चार कोपऱ्यांवर चार मध्यम घुमट आणि मिहराबासमोर, म्हणजे मक्केची दिशा दाखवणाऱ्या कोनाड्यासमोर, एक मोठा उंच घुमट. मिनार एकही नाही.

तेथे भेटलेल्या एका वाटाड्याने अत्यंत आत्मविश्वासाने सांगितले की ही मशीद स्पेनमधील कोर्दोव्याच्या मशिदीची हुबेहूब नक्कल आहे आणि भारतात अंगण नसलेली ही एकमेव मशीद आहे. ही दोन्ही विधाने नंतर मला जागोजागी लिहिलेलीही आढळली. ती कितपत खरी आहेत? आणि अंगण का नाही, याचे कोणी समाधानकारक उत्तर देऊ शकेल काय?

चुनखडी

छान धागा. "एकमेव" या शब्दापुरते लिहितो. आजच्या भारताच्या सीमांमध्ये राहून, शुक्रवारच्या मोठ्या मशिदींपुरतेच बोलायचे ठरवले तर ते विधान काहीसे तग धरते, पण उपखंडाचा विचार केला तर टिकत नाही. बांगलादेशातील बागेरहाट येथे खान जहानने पंधराव्या शतकाच्या मध्यास बांधलेली षाट गुंबद मशीद पूर्ण छताखाली आहे. तिच्या नावात साठ असले तरी छतावर सत्त्याहत्तर घुमट आणि कोपऱ्यांच्या बुरुजांवर आणखी चार आहेत. बंगालमध्ये पावसामुळे अंगणाविना मशिदी ही रीतच झाली. दिल्लीतील तुघलककालीन खिडकी मशिदीचे छतही बहुतांश झाकलेले आहे, मात्र तिच्यात उजेडासाठी चार लहान चौक उघडे सोडले आहेत. तेव्हा गुलबर्ग्याचे वेगळेपण "एकमेव" असण्यात शोधू नये.

नकाशावाचक

कोर्दोव्याबद्दल जरा सविस्तर लिहितो, कारण ही तुलना इतकी रुळली आहे की ती तपासून पाहण्याची कोणाला गरजच वाटत नाही.

कोर्दोव्याच्या मशिदीचे काम पहिल्या अब्दुर्रहमानने आठव्या शतकाच्या अखेरीस सुरू केले आणि पुढील दोनशे वर्षांत ती टप्प्याटप्प्याने वाढत गेली. अल-मन्सूरने केलेली शेवटची मोठी वाढ दहाव्या शतकाच्या अखेरची आहे. म्हणजे ती इमारत एका आराखड्यातून जन्मलेली नसून मागणीप्रमाणे दालनाला दालन जोडत गेलेली आहे. गुलबर्ग्याची रचना याच्या नेमकी उलट आहे. कडेच्या रुंद ओवऱ्या, मधले चौक, कोपऱ्यांचे घुमट आणि मिहराबासमोरचा मोठा घुमट यांपैकी एकही भाग इतरांशिवाय उभा करता आला नसता, त्यामुळे ती एका डोक्यातून आणि एका दमात उतरली असणार, हे नकाशा पाहताच पटते.

दुसरा मुद्दा अंगणाचा. ज्या मशिदीची नक्कल करताना अंगण वगळले असे आपण मानतो, त्या कोर्दोव्याच्या मशिदीला अंगण आहे आणि ते चांगले प्रशस्त आहे. संत्र्यांच्या झाडांचे अंगण म्हणून ते आज ओळखले जाते. म्हणजे तुलनेचा जो प्रमुख आधार, तोच मुळात नाही.

तिसरा मुद्दा छताचा. कोर्दोव्यात सडपातळ दगडी स्तंभ आहेत. त्यांपैकी कित्येक जुन्या रोमन आणि व्हिसिगॉथ इमारतींतून उचलून आणलेले असल्यामुळे ते उंचीला कमी पडले, आणि छत हवे तितके वर नेण्यासाठी एका कमानीवर दुसरी कमान अशी दुहेरी रचना करावी लागली. लाल वीट आणि पांढरा दगड यांचे आळीपाळीने पट्टे असलेल्या त्याच त्या प्रसिद्ध कमानी. त्यांच्यावर लाकडी छत होते. मिहराबाजवळचे थोडे घुमट सोडले तर तेथे घुमटांचे राज्य नाही. गुलबर्ग्यात मात्र जाड चौकोनी खांब, एकेरी कमानी, वर लाकडाचा मागमूस नाही आणि छत घुमटांचेच. खांबांच्या रांगांकडे तिरपे पाहिले तर अंत लागत नाही, एवढे एकच साम्य उरते. ते साम्य तर आपल्याकडच्या कुठल्याही मोठ्या सभामंडपात दिसेल.

शिवाय कोर्दोवा १२३६मध्ये कास्तिलच्या राजाने जिंकले आणि त्या मशिदीचे कॅथीड्रल झाले. कझवीनच्या कारागिराने आपल्या हयातीच्या कितीतरी आधी चर्च झालेल्या, पृथ्वीच्या दुसऱ्या टोकावरच्या इमारतीची नक्कल भीमेच्या खोऱ्यात करावी, यासाठी काही तरी दुवा दाखवायला हवा. तो कोणी दाखवलेला मला आढळला नाही. ज्यांनी दोन्हींची छायाचित्रेच पाहिली अशा लोकांनी ही तुलना चालवली असावी, असे माझे मत आहे.

भीमातीर

धन्यवाद. कोर्दोवा आता निकालात निघाले असे धरतो. पण मग ही कल्पना आली कुठून? इराणमध्येही जामा मशिदींना अंगण असतेच.

गवंडीकाम

मी व्यवसायाने स्थापत्य अभियंता असून जुन्या चुन्याच्या बांधकामांच्या दुरुस्तीची कामे करतो. इतिहासात माझी गती नाही, परंतु ही इमारत मी दोनदा नीट पाहिली आहे, म्हणून ती उभी कशी राहते याविषयी लिहितो. भीमातीर यांच्या प्रश्नाच्या काही भागाचे उत्तर त्यातून मिळावे.

उत्तर, दक्षिण आणि पूर्व अशा तीन बाजूंना ज्या रुंद ओवऱ्या आहेत त्यांत उभे राहून लांबीच्या दिशेने पाहावे. एकामागून एक अशा प्रचंड रुंद कमानी दिसतात. त्यांचे वैशिष्ट्य असे की त्या फार खालून सुटतात. खांब बुटका आहे आणि कमान जणू जमिनीतूनच वर आली आहे असे वाटते. ही झाली ओवरीच्या आडव्या अंगाची कमान. आता दोन शेजारच्या कमानींच्या मधल्या पट्ट्यावर छत कसे घातले आहे ते मान वर करून पाहावे. तेथे बोगद्यासारखे टोकदार कमानी छत आहे, मात्र ते ओवरीच्या लांबीला समांतर न धावता आडवे घातलेले आहे.

वरवर किरकोळ वाटणाऱ्या या निर्णयावर सगळी इमारत तोललेली आहे. बोगद्यासारखे छत आपल्या दोन्ही अंगांना बाहेर ढकलत असते. ते ओवरीच्या लांबीने घातले असते तर सगळा रेटा बाहेरच्या भिंतीवर आला असता, ती भिंत जाडजूड आणि भरीव करावी लागली असती आणि आत काळोख झाला असता. ते आडवे घातल्यामुळे प्रत्येक पट्ट्याचा रेटा शेजारच्या पट्ट्याच्या रेट्याशी भिडतो आणि दोघेही एकमेकांना निष्प्रभ करतात. बाहेरच्या भिंतीकडे छताचे फक्त मोकळे तोंड येते. त्या तोंडावर भार नसल्यामुळे तेथे भिंत हवीच असे नाही, म्हणून तेथे पूर्ण उंचीची कमान उघडी ठेवता आली. पश्चिमेची किब्ल्याची, म्हणजे मक्केच्या दिशेची, भिंत सोडली तर उरलेल्या तिन्ही बाजूंनी मशीद अशी उघडी आहे आणि आतला सगळा उजेड तेथूनच येतो.

रांगेच्या टोकाला मात्र शेवटच्या पट्ट्याला भिडायला शेजारी उरत नाही. तेथे कोपऱ्यावर घुमटाचे जड वजन ठेवलेले आहे. चार कोपऱ्यांवरचे चार घुमट केवळ शोभेसाठी आहेत असे समजू नये, ते ओवऱ्यांचे शेवट पकडून ठेवतात. आतल्या चौकांवरचे लहान घुमटही असेच चारी बाजूंनी एकमेकांना टेकून उभे आहेत. एका चौकावरच्या घुमटाचा भार त्रिकोणी उतारांवरून चार खांबांवर येतो आणि प्रत्येक खांबावर चार शेजारच्या चौकांचा भार समतोलाने पडतो, त्यामुळे आतले खांब तुलनेने बारीक ठेवूनही भागले. ही सगळी करामत दगड आणि चुन्यात केलेली आहे, लाकडाची तुळई किंवा लोखंडाचा ताण कुठेही नाही.

आडव्या कमानी टाकून त्यांच्यामध्ये छत घालण्याची ही युक्ती त्या काळी इराण आणि इराकमध्ये मुरलेली होती. बगदादमधील खान मिर्जान ही सराई १३५९ची आहे, म्हणजे गुलबर्ग्याच्या शिलालेखापेक्षा आठच वर्षे आधीची. तेथे हीच युक्ती आणखी भव्य प्रमाणात पाहायला मिळते. रफी कझवीनी स्वतः बगदादला गेला होता असे मी म्हणत नाही. पण त्याच्या हातात कोणते कसब होते हे शोधायचे तर कोर्दोव्यापेक्षा बगदाद आणि इराणमधल्या यझ्दकडे पाहिलेले बरे.

दगडफूल

गवंडीकाम यांचा प्रतिसाद वाचून जुनी छायाचित्रे पुन्हा काढली आणि ती आडवी छते प्रथमच नीट दिसली. इतकी वर्षे मी त्या छायाचित्रांत केवळ कमानीच मोजत होते.

एक भर घालते. ही इमारत किती नवी होती हे कळण्यासाठी ती दौलताबादच्या जामा मशिदीशेजारी ठेवून पाहावी. दौलताबादची मशीद १३१८ची, कुतबुद्दीन मुबारक खलजीच्या काळातली. तिच्यात प्रशस्त अंगण आहे आणि नमाजाच्या दालनातील खांब जुन्या मंदिरांचे आहेत. खांबावर तुळई आणि तुळईवर सपाट छत, अशी ती रचना आहे. ती हेमाडपंती मंडपाच्या हिशेबानेच चालते, कारण बांधणारे हात आणि दगड दोन्ही इथलेच होते. तेथून गुलबर्ग्यापर्यंत पन्नास वर्षेही उलटली नाहीत, पण येथे तुळई नाहीशी झाली आहे आणि सगळा भार कमानींनी उचललेला आहे. दख्खनमध्ये कमान त्यापूर्वीही होती, परंतु एवढ्या विस्ताराची अख्खी इमारत निव्वळ कमानी आणि घुमट यांच्या हिशेबावर उभी करण्याचे धाडस येथे पहिल्यांदा दिसते.

नकाशावाचक

आता भीमातीर यांच्या मूळ प्रश्नाकडे येतो, आणि तो प्रश्न थोडा अवघड करून ठेवतो. अंगण का नाही याचे नेहमीचे उत्तर "ऊन" असे दिले जाते. गुलबर्ग्याचा उन्हाळा चाळीस अंशांच्या वर जातो, हे खरेच. पण विजापूरचा उन्हाळा काही निराळा नाही. तेथे पहिल्या अली आदिलशाहने सोळाव्या शतकात जी जामा मशीद बांधायला घेतली तिला मोठे अंगण आहे. खुद्द गुलबर्ग्यातील शाह बाजार मशीदही बहमनी काळातलीच, आणि तिलाही अंगण आहे. ऊन हे कारण असते तर ते सगळ्यांनाच लागू पडायला हवे होते.

अलीकडे अभ्यासकांमध्ये एक वेगळीच मांडणी पुढे आली आहे. तिच्यानुसार ही इमारत मुळात मशीद म्हणून बांधलेलीच नसावी. ती १३९७ ते १४२२ या काळात राज्य करणाऱ्या फिरोजशाह बहमनीचा दरबारी सभामंडप असावा आणि तिचे मशिदीत रूपांतर नंतर झाले असावे. अशा मंडपाला "हजार सुतून", म्हणजे हजार खांबांचा महाल, म्हणण्याची परंपरा होती. मुहम्मद तुघलकाचा दिल्लीतील हजार सुतून इब्न बतूताने स्वतः पाहून वर्णिला आहे. ही मांडणी स्वीकारली तर अंगण का नाही, मिनार का नाही आणि इमारत शहरात नसून किल्ल्यात, राजाच्या वावराच्या भागात का आहे, हे तिन्ही प्रश्न एका फटक्यात सुटतात.

चुनखडी

एका फटक्यात प्रश्न सुटू लागले की मला थोडी धास्ती वाटते.

शिलालेखाचे काय करायचे? त्यावर १३६७ हे वर्ष आणि कारागिराचे नाव स्पष्ट आहे, आणि ते वर्ष फिरोजशाहच्या राज्यारोहणाच्या तीस वर्षे आधीचे आहे. मिनार नाही यावरूनही फारसे काही सिद्ध होत नाही, कारण त्या काळच्या दख्खनी मशिदींना मिनार असलाच पाहिजे असा दंडक नव्हता. मिहराबासमोरचा मोठा घुमट उंच चौथऱ्यावर चढवून त्या चौथऱ्याच्या भिंतींतून उजेड आत घेतला आहे. सभामंडप म्हणून बांधलेल्या इमारतीत नेमका किब्ल्याच्या भिंतीसमोरचाच चौक का उजळावा?

नकाशावाचक

रास्त आक्षेप आहेत. त्यावर दोन गोष्टी नोंदवतो. शिलालेख असलेली शिळा एका जागेवरून काढून दुसऱ्या जागी बसवता येते, आणि आपल्याकडे असे वारंवार घडलेले आहे. तेव्हा शिळेवरचे वर्ष हे ती ज्या भिंतीत आज आहे त्या भिंतीचेच वर्ष असते, असे गृहीत धरता येत नाही. दुसरे म्हणजे उजळलेला चौक. पश्चिमेच्या भिंतीशी, मध्यावर, सर्वांत उंच घुमटाखाली आणि वरून येणाऱ्या उजेडात काय ठेवले असेल? मिहराब असेल किंवा सिंहासनही असू शकेल. दोघांनाही ती जागा सारखीच शोभते, आणि वादाची खरी गोम तेथेच आहे.

तरीही माझा स्वतःचा कल कुठे आहे हे सांगणे प्रामाणिकपणाचे होईल. मला सभामंडपाची मांडणी आकर्षक वाटते, पण शिलालेख हलवला गेला याचा ठोस पुरावा हाती येईपर्यंत मी १३६७ सोडणार नाही.

दगडफूल

मला वाटते, आपण "दरबार की मशीद" असा प्रश्न विचारतो तेव्हा आजची विभागणी त्या काळावर लादतो. किल्ल्यातली मशीद ही राजाच्या सत्तेचीही जागा होती. शुक्रवारच्या खुतब्यात, म्हणजे नमाजाच्या वेळच्या प्रवचनात, कोणाचे नाव घेतले जाते यावर राज्य कोणाचे हे ठरत असे. दिल्लीपासून फुटून वीस वर्षे झालेल्या घराण्याला ते नाव मोठ्याने, सर्वांसमक्ष आणि भव्य छताखाली घेतले जाणे फार महत्त्वाचे वाटले असणार. ज्या इमारतीने हे काम करायचे, ती अर्धी मशिदीसारखी आणि अर्धी दरबारासारखी दिसली तर त्यात विसंगती मानण्याचे कारण नाही.

गवंडीकाम

हा प्रयोग पुढे दख्खनमध्ये इतक्या मोठ्या प्रमाणावर पुन्हा का झाला नाही, यावर माझ्या व्यवसायाच्या बाजूने थोडे लिहितो. अशा छताचे पाणी हा कायमचा डोकेदुखीचा विषय असतो. साठ-सत्तर घुमट एकमेकांना खेटून बसले की प्रत्येक चार घुमटांच्या मध्ये एक खळगा तयार होतो, आणि पावसाचे पाणी मधल्या खळग्यांपासून कडेच्या पन्हाळ्यांपर्यंत उताराने नेणे भाग पडते. चुन्याचा गिलावा कुठे तडकला की पाणी नेमके खांबाच्या माथ्यावर उतरते, म्हणजे जेथे भार सर्वाधिक आहे तेथेच. अंगण असलेल्या मशिदीत पाणी सरळ अंगणात सोडता येते. याच एका कारणाने पुढच्या राजांनी हात आखडता घेतला असे मी म्हणणार नाही, पण देखभालीचा खर्च ज्याने एकदा भरला असेल, त्याने पुढच्या वेळी अंगणाचा विचार नक्की केला असेल.

चुनखडी

यात राजकीय कारणाचीही भर घालावी. १४३०च्या सुमारास अहमदशाह वलीच्या काळात राजधानी बीदरला गेली. तेथे नवे इराणी कारागीर आले, रंगीत टाइलींची आवड आली आणि गुलबर्ग्याचा हा पांढराशुभ्र, नक्षीविरहित बाज मागे पडला. कमानी मात्र मागे पडल्या नाहीत. बुटक्या खांबावरून सुटणारी रुंद कमान ही दख्खनी वास्तूंची ओळखच बनली.

भीमातीर

सर्वांचे मनःपूर्वक आभार. गेल्या आठवड्यात मी पुन्हा गुलबर्ग्याला जाऊन आलो, या वेळी गाणगापूर रोडला न उतरता. गवंडीकाम यांनी सांगितल्याप्रमाणे उत्तरेच्या ओवरीत उभा राहून प्रथम मान वर केली, मग आत शिरलो.

सकाळची वेळ होती. पूर्वेच्या कमानींतून आलेला उजेड आतल्या खांबांच्या दोन-तीन रांगांपर्यंत फरशीवर लांब पसरला होता आणि पुढे विरळ होत गेला होता. मधल्या चौकांत तर चक्क सावली होती, इतकी की खांबांच्या कडा पुसट झाल्या होत्या. त्या सावलीतून पश्चिमेकडे चालत गेलो तेव्हा मिहराबासमोर, मोठ्या घुमटाखाली, पुन्हा उजेड लागला. तो बाजूने येत नव्हता, वरून उतरत होता. अंगण असते तर पूर्वेकडून येणारा माणूस उन्हातून सावलीत गेला असता, एवढेच. येथे तो उजेडातून सावलीत आणि सावलीतून पुन्हा उजेडात जातो, आणि तो दुसरा उजेड राजासाठी राखलेला असो वा किब्ल्यासाठी, तेथे पोचल्यावर पाय आपोआप थांबतात. माझे थांबले.

पन्हाळी पाहण्यासाठी वर जाता आले नाही. छतावर प्रवेश बंद आहे. पावसाळ्यात जाऊन खालून कुठे ओल दिसते ते पाहण्याचा विचार आहे. गवंडीकाम यांना सवड असल्यास त्यांनी सोबत यावे.

गवंडीकाम

श्रावणात जमेल. विजेरी आणि मोजपट्टी मी आणतो.